जाऊबाईंना दिलेली किल्ली

शालिनीताईंनी अनसूयेला पहिल्यांदा नीट पाहिलं, तेव्हा ती भर दुपारी दगडानं कुलूप फोडत होती. दर्पण कॉलनीत त्या नुकत्याच राहायला आल्या होत्या आणि तो प्लॉट त्यांच्या खिडकीसमोरच होता. मागे दोन खोल्या, पुढे मोकळं अंगण. कुलूप तुटेना. अनसूयेनं दगड भिरकावला आणि कुलपाला म्हणाली, "मेल्या, माझ्याच घराला लागून मलाच अडवतोस?"

शालिनीताई पाण्याचा तांब्या घेऊन गेल्या. तेव्हापासून कोर्टाच्या प्रत्येक तारखेला दोघी बरोबर.

प्लॉट अनसूयेच्या नवऱ्याचा, माधवरावांचा. रजिस्ट्री त्यांची, ते गेल्यावर तिचं नाव चढलेलं. पण धाकटा दीर राघवराव यांनी तिथे तंबू-कनातींचं सामान भरलं होतं. जागा रिकामी करा म्हटल्यावर ते हसले.

"वहिनी, कागद तुमचा, कब्जा आमचा. बारा वर्षं उलटून गेली. जा कोर्टात."

ती गेली. वकिलानं तिला समजावलं, की दुसऱ्याची जमीन कुणी इतकी वर्षं उघडपणे, मालक म्हणून वापरली आणि खऱ्या मालकानं हरकतच घेतली नाही, तर रजिस्ट्री असूनही जमीन हातची जाऊ शकते.

"म्हणजे चोरी जुनी झाली की मालकी होते?" अनसूया कडाडली.

"देखिए, एक रस्ता आहे. तुमच्या परवानगीनं ते आत आले असतील, तर मालक होत नाहीत. दिली होती परवानगी?"

"त्या माणसाला? मेला असता तरी पाणी दिलं नसतं!"

वकिलानं कपाळावर हात मारला. शालिनीताई तिला हळूच म्हणाल्या, "अगं, आठवून तर बघ." पण रागापुढे तिला काही आठवायचंच नव्हतं.

मग राघवरावांच्या बाजूनं त्यांची बायको सीमंतिनी साक्षीला उभी राहिली. सुरेख साडी, ठसठशीत कुंकू.

"वहिनी तिथे फिरकल्याच नाहीत," ती म्हणाली. "आधी दर संक्रांतीला अंगणात हळदीकुंकू करायच्या. मोठे भाऊजी गेले आणि तेही बंद केलं."

अनसूया ताडकन उठली. "मी बंद केलं? तेराव्याला सगळ्या बायकांसमोर कोण म्हणालं, तुम्ही आता वाण लुटायचं नाही म्हणून?"

जजसाहेबांनी तिला दटावून खाली बसवलं. पण सीमंतिनीचाही पारा चढला होता.

"मग काय चुकीचं बोलले? रीतच आहे! आणि मी काही हिसकावून घेतलं नाही. किल्ली यांनीच दिली माझ्या हातात. म्हणाल्या, माझ्या अंगणातलं हळदीकुंकू मोडू नकोस, आता तू करत जा."

राघवरावांच्या वकिलानं डोळे मिटून घेतले.

"चाबी किसने दी?" जजसाहेबांनी तिला थांबवून विचारलं.

"वहिनींनीच दिली. मी खोटं कशाला सांगू?"

निकाल अनसूयेच्या बाजूनं लागला. किल्ली तिनं आपणहून दिली होती, म्हणजे वापर तिच्या परवानगीचा होता. त्याच किल्लीनं पुढे सामान आत गेलं आणि मालकी तिचीच राहिली.

बाहेर शालिनीताई म्हणाल्या, "चल, सराफा बाजारातून जाऊ. वाटेत पेढे घेऊ."

"कसले पेढे?" अनसूया म्हणाली. "माझ्याच अंगणातून मला उठवलं त्या बाईनं. एक बाई तोंड उघडून बोलली नाही. किल्ली काय हौसेनं दिली मी? आणि आज कोर्ट म्हणतं, बरं झालं दिलीत, म्हणून जागा वाचली! त्या अपमानाचे पेढे वाटू?"

शालिनीताई तिच्याबरोबर सवारीच्या टेम्पोत बसल्या.

राघवरावांनी अपील केलं आहे. सामान मात्र त्यांना उचलावं लागलं. अनसूया दाना ओली गल्लीतलं सासर सोडून त्या दोन खोल्यांत एकटी राहते आणि पुढच्या खोलीत शाळेचे गणवेश शिवते.