देवरावांनी मारलेली हाक

देवराव इतवारीच्या बाजारात धान्याच्या लिलावाची बोली पुकारायचे. तीस वर्षं त्यांनी दुसरं काही केलं नाही. पोत्यांच्या थप्पीवर एक पाय ठेवून त्यांनी आवाज टाकला की मागच्या गल्लीतले भांडीवालेसुद्धा ठोकठाक थांबवायचे. घरातही त्यांना हळू बोलणं जमत नसे. "मी का बजारात उभी हाये?" असं त्यांची बायको कौशल्याबाई कावून म्हणायची, आणि देवराव तेवढ्याच मोठ्यानं हसायचे.

पंच्याऐंशीच्या दिवाळीनंतर एका सकाळी दाढी करताना त्यांच्या हातातून वस्तरा गळला. उजवं अंग गेलं. वाचाही गेली. उरला तो एकच आवाज, 'बो'. पाणी हवं असलं तरी बो, पाठ दुखली तरी बो. कोणता बो कशाचा ते फक्त कौशल्याबाईंना कळे. डोकं मात्र शाबूत होतं. सगळं ऐकू यायचं, समजायचं. तरी माणसं त्यांच्याशी तान्ह्या पोराशी बोलावं तसं बोलू लागली होती. त्याचा त्यांना इतका संताप यायचा की डोळ्यांत पाणी उभं राही, आणि मग लोक म्हणत, "आता हळवे झाले बिचारे."

मुलगा गोपाळ कापडाच्या दुकानात कामाला होता. बाबांचा वेळ जावा म्हणून त्यानं टीव्ही आणला आणि त्यांच्याच खोलीत ठेवला. गल्लीतला तो पहिलाच. पुढच्या उन्हाळ्यात दर रविवारी सकाळी साडेनऊला एक हिंदी मालिका लागायची, 'मामाजी अभी जिंदा हैं'. एक श्रीमंत मामा अंथरुणाला खिळलेला, आणि त्याच्या मरणाची वाट बघणारे तीन भाचे. दर रविवारी भाच्यांचा नवा डाव, आणि दर वेळी मामा सुखरूप, भाचेच तोंडघशी. पोट धरून हसावं अशी, आणि हसता हसता अंगावर काटा यावा अशी. रविवारी खोलीत पंधरा-वीस माणसं दाटीवाटीनं बसायची. शेजारचे भैयाजी तर देवरावांनाच मामाजी म्हणू लागले. "काय मामाजी, आज वाचता का नाही?" सगळे हसायचे. देवरावही अर्ध्या तोंडानं हसल्यासारखं करायचे. दुसरं काय करणार होते?

देवरावांच्या खाटेजवळ स्टुलावर एक स्टीलचा पेला आणि चमचा असे. कोणाला बोलवायचं असलं की डाव्या हातानं वाजवायचे. रविवारी मात्र जागा व्हावी म्हणून सून इंदू ते स्टूल उचलून अंगणात ठेवी.

मे महिन्यातल्या त्या रविवारी सकाळपासूनच भिंती तापल्या होत्या. खिडकीत कूलर घोंघावत होता, आणि त्याच्यावर ऐकू यावं म्हणून टीव्हीचा आवाज पार वर नेलेला. गेल्या भागात एका भाच्यानं मामाच्या खिरीत विष कालवलं होतं. पण नोकरानं वाट्यांची अदलाबदल केली, आणि आता समोर चार वाट्या होत्या, चार माणसं होती, आणि कोणती वाटी कोणाची हे कोणालाच ठाऊक नव्हतं. मामाजीनं चमचा उचलला. खोलीत कोणी श्वास घेईना.

कौशल्याबाई सगळ्यांच्या मागं स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर बसल्या होत्या. पहाटेपासून त्यांचं काम चाललेलं. खाट आडवी असल्यामुळं देवरावांना एकीकडं टीव्ही दिसे आणि दुसरीकडं तो उंबरा. त्यांनी सहज तिकडं पाहिलं. कौशल्याबाईंनी पदराचा बोळा करून छातीशी दाबला होता. तोंड घामानं निथळत होतं. नजरानजर होताच त्यांनी 'काही नाही' अशी मान हलवली. मग त्यांचं डोकं चौकटीला टेकलं, आणि त्या हळूहळू एका बाजूला कलल्या.

"बो!" देवराव ओरडले.

"चुप राहा ना बाबा," गोपाळ मागं न पाहता म्हणाला.

"बो! बो!"

"मामाजीले टेन्शन आलं," भैयाजी म्हणाले. दोघं-तिघं खुदकन हसले, पण डोळे पडद्यावरच. पडद्यावर चमचा ओठाशी आला होता.

देवरावांचा डावा हात स्टुलाकडं गेला. स्टूल नव्हतं. त्यांनी उशी ओढून फेकली. ती भैयाजींच्या पाठीवर पडली. भैयाजींनी ती मांडीवर घेतली आणि तिच्यावर कोपर टेकवून ते पुन्हा बघू लागले. शेवटी देवरावांनी डाव्या हातानं खाटेची कड धरली, होतं नव्हतं ते बळ एकवटलं आणि स्वतःला जमिनीवर लोटून दिलं.

आता मात्र सगळे धावले.

"बाबा! काहून असं करता? नाटक हाये ते!" गोपाळ घाबरून म्हणाला.

"मरत नाही गा तो मामाजी, मरन कसा? मंग सिरियल संपन नाही का?" भैयाजींनी समजूत घातली.

चौघांनी मिळून त्यांना उचललं. चांगलं दिसावं म्हणून टीव्हीकडं तोंड करून कुशीवर निजवलं, पाठीशी उशा लावल्या. आता उंबरा त्यांच्या पाठीमागं गेला. उजवं अंग मेलेलं, कूस बदलता येईना. पुढची दहा मिनिटं देवरावांच्या डोळ्यांसमोर मामाजी एकेक घास खीर खात होता, आणि त्यांच्या मागं काय चाललंय ते त्यांना दिसत नव्हतं.

मालिका संपली. चहा ठेवायला इंदू उठली आणि किंचाळली.

कौशल्याबाईंना सायकलरिक्षातून दवाखान्यात नेलं. हृदयाचा झटका होता. थोडं आधी आणायला हवं होतं, असं डॉक्टर म्हणाले. अकरा दिवस त्या तिथं होत्या. देवरावांना कोणी धड सांगेना. विचारायचं कसं ते त्यांना कळेना. "माय ठीक हाये, तुम्ही जेवा," एवढंच इंदू म्हणायची, आणि घास त्यांच्या ओठांवरून खाली ओघळायचा.

बाराव्या दिवशी कौशल्याबाई घरी आल्या. चार पावलं चालल्या तरी धाप लागत होती. त्या खाटेवर टेकल्या.

"तुम्ही पडले ते मी पाह्यलं," त्या हळूच म्हणाल्या. "मले वाटलं, आता तरी कोणी इकडं पाह्यन. माह्याही तोंडातून आवाज निघेना हो."

गोपाळनं ते दारातून ऐकलं. तो आत आला आणि खाली मान घालून बाबांच्या पायाशी बसला. देवरावांना त्याला शिव्या द्यायच्या होत्या. लिलावात एखाद्यानं मापात मारलं तर द्यायचे तशा, चार गल्ल्यांना ऐकू जातील अशा. तोंडातून नुसतं "बो" निघालं. गोपाळनं त्यांचे पाय धरले. बाबांनी माफ केलं असं वाटून तो रडला. कौशल्याबाईंना तो बो कळला होता. त्यांनी गोपाळला रडू दिलं.

त्यानंतर त्या सव्वा वर्ष जगल्या. एका श्रावणात दुपारी झोपल्या, त्या उठल्याच नाहीत.

त्यांच्या मागं देवराव दोन वर्षं होते. इंदूनं त्यांना कशाला कमी पडू दिलं नाही. वेळेवर भरवायची, न्हाऊ घालायची. फक्त पाणी हवं, की पाठ दुखून राहिली, की पंखा बंद करू, हे तिला एकेक करून विचारत बसावं लागे. मधेच देवराव थकत, आणि काही नको म्हणून मान हलवत.