तटात बसवलेले दगड

चाकणच्या आमच्या कंपनीनं मला महिनाभर कोरियाला ट्रेनिंगला धाडलं, तेव्हा कुरुळीतल्या दोस्तांनी एकच काम सांगितलं, "भावा, तिथला एखादा किल्ला बघून ये." आमचा रविवारचा उद्योगच तो. गड चढायचा, झुडपं काढायची, ढासळलेले दगड तटात परत बसवायचे.

मला मशीन शिकवणारे म्हातारबा एका रविवारी आपणहून म्हणाले, चल डोंगरी किल्ल्यावर. बोलणं सगळं मोबाइलच्या भाषांतरावर. दुसऱ्या दिवशी त्यांच्या बायकोचं हृदयाचं ऑपरेशन होतं, म्हणून वर जाऊन नवस बोलायचा होता. चढताना इतिहास सांगत होते. शत्रू आला की खालची गावंच्या गावं धान्य घेऊन इथं चढायची, वेढा उठेपर्यंत आतच राहायची. "तुमचा किल्ला किती उंच?" त्यांनी विचारलं. मी नुसतीच छाती फुगवली. चाकणचा किल्ला सपाटीवर आहे, हे सोयीस्कर गिळलं.

वर बघतो तर काय, डोंगराच्या धारेनं नुसता तट, तोही जागोजागी खचलेला. म्हातारबा झऱ्यावर पाणी भरायला गेले. तटाला एक भगदाड होतं आणि शेजारीच छोट्या दगडांचे सुबक ढीग! म्हटलं, वा रे वा, इथंही आपल्यासारखीच मंडळी दिसतात, माल आणून ठेवलाय, बसवायचा राहिलाय. हाताला खाज सुटलीच. वीस मिनिटांत एक अख्खा ढीग भगदाडात, फटींत दगडाच्या चिपा ठोकून गच्च.

म्हातारबा आले आणि रिकाम्या जागेकडं बघतच राहिले. मोबाइल म्हणाला, "इथं माझे दगड होते. बायको आजारी पडल्यापासून दर रविवारी एक ठेवायचो. प्रत्येक दगड म्हणजे एक मागणं."

मेलो! उद्या त्या बाईंचं काही वाईट झालं तर कुठल्या तोंडानं या माणसासमोर उभा राहू? हात जोडले, भगदाड दाखवलं, "आत्ता काढून देतो" म्हणत दगड ओढायला लागलो. एकही निघेना. आमच्या रविवारच्या मंडळींची शिकवण, राव, पक्की! मग म्हातारबांनी दोन्ही हातांनी जोर लावून पाहिला. दगड जागचा हलला नाही. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, ते बघून माझ्याही.

घाम पुसून त्यांनी मोबाइल तोंडाजवळ धरला. मोबाइल म्हणाला, "वाऱ्यानं ढीग सारखा पडायचा, मी परत रचायचो. आता राहू दे. माझी बायकोही या दगडांसारखीच आहे, घट्ट. मरणाला म्हणावं, उद्या तिला हलवून दाखव."