पुन्हा पहिल्यापासून तीस वर्षं

ऑस्ट्रेलियातल्या डॅप्टो गावच्या बोलिंग क्लबात दर शुक्रवारी संध्याकाळी चॉप्स आणि सॉसेजच्या परातीची सोडत निघते, आणि ती निघेपर्यंत लिंडन पास्कोचा दरबार भरतो. लिंडन धंद्याने खिडक्यांच्या काचा बसवणारा. कुणाच्या पोराने चेंडू टोलवून शेजाऱ्याची काच फोडली की आधी पोराच्या कानाखाली आवाज निघतो आणि मग लिंडनचा फोन वाजतो. पण क्लबात त्याची ख्याती काचांमुळे नव्हती. तिथे तो बँकांना पाणी पाजणारा माणूस होता. घराच्या कर्जाचा दर जरा वाढला की लोक बिअरचा ग्लास घेऊन त्याच्या टेबलाशी येत आणि वैद्यापुढे जीभ काढावी तसा आपला दर सांगत.

“सहा पॉइंट चार?” लिंडन छातीवर हात ठेवून म्हणे. “अरे मित्रा, भरदिवसा दरोडा पडलाय तुझ्या घरावर! उद्याच्या उद्या बँक बदल.”

त्याचं तत्त्व सोपं होतं: खोबरं तिकडे चांगभलं. घर घेतल्यापासून त्याने पाच वेळा बँक बदलली होती. प्रत्येक नवी बँक जुनीपेक्षा कमी दर देई, महिन्याचा हप्ता खाली येई आणि वर स्वागताचे म्हणून दोन-तीन हजार डॉलर रोख हातावर ठेवी. दिवाळसणाला जावयाची होत नाही एवढी बडदास्त! त्या पैशांतून मागच्या अंगणात सहा शेगड्यांचा बार्बेक्यू आला, स्वयंपाकघरात इटालियन कॉफीयंत्र आलं आणि गॅरेजच्या छताला दोघांनी वल्हवायची एक होडी टांगली गेली. ती आजवर एकदाच पाण्यात उतरली होती आणि तेव्हाही नवराबायको होडीत कमी आणि पाण्यातच जास्त होते. लिंडनची बायको जनेल या वस्तूंना बँकांच्या नावानेच ओळखे. “दुसऱ्या बँकेवर सॉसेज करपतायत बघ!” अशी तिची हाक ऐकून पाहुणे गोंधळत.

दरबारात लिंडनला खाऊन टाकायला एक बकरा दर शुक्रवारी हवा असे आणि तो बकरा म्हणजे नेव्हिल डफी. लिंडनने आणि नेव्हिलने एकाच गल्लीत, एकाच महिन्यात, एकाच बिल्डरची जुळी घरं घेतली होती, समोरासमोर. दोघांनी कर्जही तेवढंच काढलं होतं, एक लाख चाळीस हजार. नेव्हिल पोलादाच्या कारखान्यात क्रेन चालवायचा. दिवसभर बसून अख्खा कारखाना हलवणारा हा माणूस घरी आला की स्वतः मात्र हलत नसे. त्याने ना बँक बदलली ना सोफा. त्याचा व्याजदर लिंडनपेक्षा नेहमी अर्धा-पाऊण टक्का जास्त, आणि लिंडन ते सगळ्या क्लबाला ऐकवी.

“हा बघा बँकेचा नंदीबैल! जे बोलतील त्याला मान हलवतो. नेव्ह, त्यांनी तुझा फोटो लावलाय म्हणे शाखेत. हार घातलाय का बघून ये एकदा.”

“असेल बुवा,” नेव्हिल म्हणे आणि चिप्सचं पाकीट फोडी.

लिंडनला कमी दराची घाई होती, त्याला कारणही होतं. त्यांच्या घरापुढे एक कॅराव्हॅन उभी होती. मुलं घर सोडून गेल्यावर ती घेताना लिंडनने जनेलला शब्द दिला होता: कर्ज फिटलं की दुकान बंद, आणि अख्ख्या ऑस्ट्रेलियाची प्रदक्षिणा. जनेल शाळेच्या खानावळीत सॉसेज-रोल विकून विकून टेकीला आली होती. त्या प्रदक्षिणेच्या आशेवर ती आठवड्याचे तीन दिवस सहाशे पोरांची तोंडं सहन करत होती. अलीकडे तिचा उजवा गुडघा कुरकुरायला लागला होता. डॉक्टरांनी सांगितलं होतं, अजून दहाएक वर्षं चालेल, पुढचं पुढे.

“दहा वर्षं खूप झाली,” लिंडन म्हणाला होता. “आपलं कर्ज फिटतच आलं असेल.”

‘असेल’ या शब्दावर जनेलने तेव्हा लक्ष दिलं नाही.

क्लबाच्या बारमागे एक पितळी घंटा आहे. घराचं कर्ज फिटलं की माणसाने ती वाजवायची आणि हजर असतील तेवढ्यांना एकेक ग्लास पाजायचा, हा तिथला रिवाज. एका शुक्रवारी सोडतीचे आकडे चालू असताना नेव्हिल उठला. संडासाला निघाला असेल म्हणून कुणी पाहिलं नाही. तो बारमागे गेला, दोरी धरली आणि घंटा वाजवली.

सोडतीचे आकडे मधेच थांबले.

“चुकून हात लागला काय रे?” लिंडनने विचारलं.

“नाही. संपलं.”

“काय संपलं?”

“कर्ज. मंगळवारी. बायको म्हणाली घंटा वाजवून ये, म्हणून आलो.” एवढ्या लांबलचक भाषणाने नेव्हिलला धाप लागली.

टाळ्या झाल्या, शिट्ट्या झाल्या. लिंडनने फुकटचा ग्लास घेतला आणि तो तसाच हातात धरून नेव्हिलला गाठलं.

“लॉटरी लागली?”

“छे.”

“मावशी वारली?”

“अजून नाही.”

“मग कसं फेडलंस, नेव्ह? तुझा दर माझ्यापेक्षा जास्त आहे!”

“हप्ता भरत गेलो. संपलं.”

“आणि मधे दर उतरले होते तेव्हा? हप्ता कमी करून घेतला नाहीस?”

नेव्हिलने चेहरा वाकडा केला. “त्यासाठी बँकेला फोन करायला लागतो, लिंडन. तासभर गाणी ऐकवतात. कोण करणार? म्हटलं, जातोय तेवढा जाऊ दे.”

आता गंमत अशी की दर उतरल्यावरही जुनाच मोठा हप्ता जात राहिल्यामुळे नेव्हिलचं व्याज थोडं आणि मुद्दल भराभर फिटत गेलं होतं. आळसाने माणूस कर्जमुक्त झाल्याचं डॅप्टोतलं हे पहिलंच उदाहरण असावं. पण हे लिंडनच्या डोक्यात उतरायच्या आत त्याच्या टेबलाशी बसलेल्या जनेलच्या डोक्यात दुसरंच काही उतरलं. तिने हातातलं सोडतीचं तिकीट खाली ठेवलं.

“लिंडन, नेव्हपेक्षा आपला दर कमी. मग आपलं त्याच्या आधीच संपलं असेल. सांगायचं राहिलं का तुझं?”

“म्हणजे... आता तसं बघितलं तर...”

“कुठल्या साली संपतंय?”

लिंडनला आपला दर दोन दशांश स्थळांपर्यंत पाठ होता. हप्ता झोपेत सांगता आला असता. शेजारच्या गावातल्या बँकांचे दरही तो सांगू शकत होता. साल मात्र त्याने कधी कुणाला विचारलंच नव्हतं. पोहायला उतरलेला माणूस पाणी किती गार आहे ते बघतो. पलीकडचा काठ आहे की नाही हे कोण बघतं?

सोमवारी काचेची गाडी रस्त्याकडेला लावून त्याने बँकेला फोन केला. गाणी ऐकली. मग एका गोड आवाजाने सांगितलं, “दोन हजार एक्कावन, सर. आणखी काही मदत हवी?”

आणखी मदत नको होती. एक्कावन साली लिंडन ब्याऐंशी वर्षांचा होणार होता. त्या दिवशी त्याने एका बाईच्या न्हाणीघराला पारदर्शक काच बसवली आणि दिवाणखान्याला धुरकट.

संध्याकाळी त्याने विषय टाळायचा आटोकाट प्रयत्न केला. भांडी घासली, कुणी न सांगता. त्यावरूनच जनेलने ओळखलं.

“साल सांग.”

“तू आधी बस.”

“उभीच बरी आहे. गुडघा वाकवला की सरळ व्हायला वेळ लागतो. सांग.”

त्याने सांगितलं. जनेल बसली.

मग दोघांनी टेबलावर हिशोब मांडला. लिंडन प्रत्येक नव्या बँकेत गेला तेव्हा कर्ज पुन्हा पहिल्यापासून तीस वर्षांचं झालं होतं. हप्ता उतरला होता तो कमी दरामुळे थोडासा आणि फेडीची मुदत लांबल्यामुळे खूपसा. आणि कर्जाच्या सुरुवातीच्या वर्षांत हप्त्यातला मोठा घास व्याज खातं, मुद्दलाच्या वाट्याला उष्टं येतं. लिंडन दरवेळी ती उष्ट्याची वर्षं भोगायचा आणि ताट भरायला लागलं की उठून दुसऱ्या पंगतीत पहिल्या वाढपापासून बसायचा.

“थांब,” जनेल म्हणाली. “म्हणजे असं बघ. आपण देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, पर्थला निघालो. दक्षिणेला तासाभरावरच्या नाउराला पोचलो. तिथे तू म्हणालास, दुसरी गाडी पेट्रोल कमी खाते. म्हणून परत डॅप्टोला आलो, गाडी बदलली, पुन्हा निघालो. पुन्हा नाउरा. पुन्हा परत.”

“पेट्रोल खरंच कमी खात होती गं,” लिंडन कळवळून म्हणाला.

“खात असेल! पण मी पाच वेळा नाउरा बघितलं ना! पर्थ कुठाय?”

इतक्या वर्षांत एक लाख चाळीसातले पस्तीस हजारसुद्धा फिटले नव्हते. आजवर भरलेले आणि एक्कावन सालापर्यंत भरायचे हप्ते लिंडनने एकत्र मिळवले, आकडा बघितला, चष्मा पुसला आणि पुन्हा मिळवले. घर एक होतं, पैसे तीन घरांचे जात होते.

“उरलेली दोन घरं कुठेत?” जनेलने विचारलं.

“बँकेने घेतली.”

“चांगल्या वस्तीत तरी?”

आणि ती हसायला लागली. आधी नुसते खांदे हलले, मग टेबल हलायला लागलं. “ती होडी, लिंडन! ती फुकटची होडी! अरे, एवढ्या पैशांत जहाज आलं असतं!” लिंडनला वाटलं होतं ती रडेल, ओरडेल, आईकडे फोन लावेल. या हसण्यापुढे त्याला पळायला जागा उरली नाही. शेवटी तोही हसला. पण डोळे पुसून झाल्यावर जनेल शांतपणे म्हणाली, “एक सांगते. तुझ्या ब्याऐंशीव्या वर्षी मी कॅराव्हॅनची पायरी चढणार नाही. तेव्हा प्रदक्षिणा कधीच उरकलेली असावी आणि मला त्या पायरीवर ठेवलेली कुंडी बघायला आवडेल. हा गुडघा चालतोय तोवर मला जायचंय.”

थट्टेच्या माणसाला खरं दुखणं कळत नाही असं म्हणतात. लिंडनला मात्र कळलं. तो रात्री जेवलाही कमी. एकच चॉप कमी, पण त्याच्या हिशोबात तो उपासच.

तीनच दिवसांनी मोहाची परीक्षा आली. एका नव्या बँकेतून फोन आला. आवाज तरुण आणि मधाळ. दर पुन्हा कमी, आणि स्वागताचे रोख चार हजार! लिंडनच्या तोंडाला पाणी सुटलं. त्याच्या डोळ्यांपुढे पिझ्झाची विटांची भट्टी तरळली. सिंकपाशी उभ्या असलेल्या जनेलने नळ बंद केला.

“मुदत किती वर्षं?” लिंडनने विचारलं.

“ताजी तीस वर्षं, सर!” मुलगी म्हणाली. पाव ताजे म्हणावेत तशी.

“शिळी नाहीत का? सात वगैरे?”

“सॉरी सर, आवाज तुटतोय. सत्तावीस म्हणालात?”

“सात. सहा आणि आठच्या मधलं.”

“सर, मग हप्ता खूपच वाढेल.”

“तेच म्हणतोय. वाढव.”

“सहा विचार तिला!” जनेल सिंकपासून ओरडली.

“बायको सहा म्हणतेय. सहाचं काय?”

पलीकडे कागद चाळल्याचा आवाज आला. हप्ता कमी करून मागणारी माणसं त्या मुलीने हजारोंनी पाहिली होती. वाढवून मागणारा हा पहिलाच, आणि तोसुद्धा घासाघीस करून! “सर, आमच्याकडे दहाच्या खाली मुदत नाही.”

“बरं, दहा लिही. पण मी सहाच्या हिशोबाने भरणार. जास्त भरल्याबद्दल दंड?”

“दंड... विचारून सांगते.” ती साहेबांना विचारून आली. “दंड नाही, सर. पण हप्ता आताच्या जवळजवळ पावणेतीन पट होईल. परवडेल ना तुम्हाला?”

लिंडनने जनेलकडे बघितलं. ती बोटांवर मोजत होती: आपले खानावळीतले आणखी दोन दिवस, त्याचे शनिवार, बाहेरचं जेवण बंद, होडी विकायची, कॉफीयंत्रही, कारण त्याची कॉफी नाहीतरी डांबरासारखी लागते. शेवटचं बोट मिटून तिने मान हलवली.

“परवडेल,” लिंडन म्हणाला. “आणि ते चार हजार माझ्या हातात देऊ नकोस, बाई. सरळ कर्जातच टाक. माझ्या हाताचा मला भरवसा नाही.”

क्लबातला दरबार अजून भरतो, पण गर्दी रोडावली आहे. कारण लिंडन आता दर विचारत नाही. ग्लास घेऊन कुणी जवळ आलं की तो प्रेमाने खांद्यावर हात ठेवतो आणि एवढंच विचारतो, “कुठल्या साली संपतंय रे तुझं?” भलेभले लोक तोंड लपवून सोडतीच्या रांगेत पळतात. एका नवऱ्याला तर तिथल्या तिथे बायकोने उभं केलं आणि उत्तर आल्यावर घरी नेलं.

जनेलचा गुडघा कुरकुरतो, पण चालतोय. तिने फिजिओकडे जायला सुरुवात केली आहे आणि रोज कॅराव्हॅनची पायरी दहादा चढते-उतरते. सहा वर्षांनी निघायचं हे दोघांचं पक्कं ठरलंय. पहिलं वळण उत्तरेला घ्यायचं की दक्षिणेला, यावरून मात्र रोज भांडण होतं. लिंडन म्हणतो दक्षिणेला. जनेल म्हणते, काही झालं तरी नाउरावरून जाणार नाही.