वारुळाची नळी

अनसिंगच्या गुलाम नबी पिंजाऱ्याची थोरली पोर आरजू वारुळाचा श्वास मोजते, ही बातमी गावात फुटली तेव्हा पानटपरीवर बरेच दिवस दुसरा विषय नव्हता. बाप गाद्या भरतो आणि पोरगी वाळवीची नाडी बघते! "मिया, याचा उपेग काय?" असं कोणी छेडलं की गुलाम नबी कापूस झटकत म्हणायचा, "उपेग असता तर कोनी शेठनं पैसे देले असते. बिनउपेगाच्या गोष्टीले दिल्लीच पैसे देते."

तो फारसा चुकत नव्हता. दिल्लीत सरकारची एक संस्था आहे. 'यातून मिळेल काय' हे न विचारता 'हे असं का होतं' एवढ्याच प्रश्नाला ती पैसा पुरवते; आणि तोच प्रश्न परदेशात कुणाला पडला असेल, तर दोघांची गाठ घालून देते. तिनेच वाशिमच्या कॉलेजातल्या आरजूची आणि जर्मनीतल्या एका बाईची जोडी जमवली. बाईचं वारूळ आफ्रिकेत, आरजूचं अनसिंगच्या शिवारात. दोन्ही वारुळं हवा आत-बाहेर कशी करतात, ते ताडून पाहायचं. अट एकच : अख्ख्या पावसाळ्याची नोंद सलग हवी. गेल्या वर्षी वीज पडून यंत्र जळालं होतं. यंदा खंड पडला तर प्रकल्प बंद, आणि आरजूची पीएचडी, जर्मनी, सगळंच बंद.

पोरगी अनसिंगचीच, नागपंचमी तिला कुणी शिकवायची? ओढ्याकाठचं मोठं वारूळ बायका पुजतात, म्हणून तिने ते टाळलं. नथ्थू माळ्याच्या वांग्यांपलीकडचं, कुणी ढुंकूनही न पाहिलेलं एक ओबडधोबड वारूळ धरलं. त्यात नळ्या बसवल्या, नळ्यांत यंत्रं सोडली. शेळ्या अंग घासायला लागल्या तसं तिने भोवती तारेचं कुंपण घातलं.

तिथेच घात झाला.

"सरकारनं कुंपन घातलं, दिल्लीहून पैसा येऊन राह्यला," मनकर्णाबाईने विहिरीवर निकाल दिला, "मंग आत जागृत असनच की!"

नागपंचमीच्या दिवशी आरजू वाशिमला होती. दुसऱ्या दिवशी दिल्लीच्या समितीपुढे बोलायचं म्हणून तिचे मार्गदर्शक शालिग्राम सर तयारी करून घेत होते. यंत्राची रेघ तिला मोबाइलवर दिसायची. ती रेघ एकाएकी उसळली आणि आडवी झाली. पोरीने मिळेल ती एसटी धरली.

कुंपणाची तार वाकवलेली, आत वारुळापाशी बायकांची रांग. नथ्थूची बायको तुळसाबाई रांग सांभाळत होती. "ढकलू नोका वं! नळीतूनच घाला."

आरजूला पाहताच ती फुलून आली. "आली का माय! पाय, तुया वारुळाले किती मान भेटला. थेट आत दूध जावं म्हून सरकारनं नळी बसवली. आमी काय अडानी आहो का बाहेर सांडाले?"

आरजू गुडघ्यांवर बसली. नळीच्या तोंडाशी लाह्या अडकल्या होत्या, हळदीचं दूध ठिबकत होतं, त्यात वाळवी तरंगत होती. ओरडावंसं तिला फार वाटलं. पण नागपंचमीला पिंजाऱ्याच्या पोरीने बायकांना वारुळावरून हाकललं, तर उद्याची चर्चा वाळवीवर थांबणार नव्हती. मागच्या एका बाईने पदर सावरायला म्हणून स्वतःचा लोटा तिच्या हातात दिला. आरजूने तो धरला.

"आजच्या जागी आधीच्या दिवसांची सरासरी टाक," शालिग्राम सर फोनवर म्हणाले. "वाळवी काय दिल्लीले फोन करनार आहे?"

तिने आकडे भरले. पुसले. परत भरले. ती बाई आफ्रिकेतली खरी रेघ आपल्या या खोट्या रेघेशेजारी मांडणार, हे रात्रभर मनात येत राहिलं. सकाळी तिने ते पुन्हा पुसले.

"हा खंड कसला?" पडद्यावरून समितीतल्या एकाने विचारलं.

"नागपंचमी होती सर. वारुळाला दूध पाजलं गेलं."

कुणीतरी हसू दाबलं.

"कुंपण नव्हतं?"

"होतं. म्हणूनच."

कोपऱ्यातल्या चौकटीत जर्मन बाई बसली होती. दुभाष्याने तिला सांगितलं, तेव्हा तिने डोळे मिटून घेतले. आरजू आणखी सांगायला लागली, पुढच्या पावसाळ्यात दुसरं वारूळ, दुसरी जागा... पण तिचा वेळ संपला होता. प्रकल्प पुढे चालवू नये, असं ठरलं.

नंतर बाईचा निरोप आला. फार वाईट वाटलं. आता दुसऱ्या देशातलं वारूळ शोधावं लागेल. आरजूने तो बापाच्या दुकानात, गादीला टाके घालताना वाचला.

"काय म्हनते तुयी मेमसाब?" गुलाम नबीने विचारलं.

"सलाम सांगतला तुमाले, अब्बा."

गुलाम नबीने लगेच रस्त्यावरून जाणाऱ्या नथ्थूला हाक मारली, "अरे, जर्मनीहून सलाम आला!" आरजू सुईत दोरा ओवत राहिली. तो काही केल्या जाईना.