बुवांनी दिलेली साक्ष

बोलायला लागण्याआधी तो चष्मा काढायचा, धोतराच्या सोग्याला पुसायचा आणि डोळ्यांवर न लावता तसाच हातात धरायचा. मग समोरच्या गर्दीकडे पाहून विचारायचा, "कोनी पडेल हाय का इथं?" लोक एकमेकांकडे बघायचे. तेवढ्यात पेटीचा सूर निघालेला असायचा. तुम्हीही अशी माणसं पाहिली असतील. आधी आपल्याला पाडतात आणि मग हात देतात.

सगळे त्याला बुवा म्हणत. मीही तोंडावर अहो-जाहो पुष्कळ केलं. इथं मात्र 'तो'च म्हणणार आहे. तेवढा हक्क मी आठ वर्षं त्याच्यामागं ढोलकी वाजवून कमावला आहे. धंद्यानं मी शिंपी, देऊळगाव राजा गावचा.

तो मिशनच्या आवारातल्या स्वयंपाक्याचा मुलगा. लहानपणापासून उपासनेत गायचा. महाराष्ट्र राज्य झालं त्या सुमारास तो बाजारोबाजारी फिरून येशूची भजनं गायला लागला. चाली आपल्या अभंगांच्या, त्यामुळे कुठल्याही जातीधर्माचा माणूस टाळ ऐकून थांबायचा. पुढे पुढे भजनं कमी आणि बोलणं जास्त झालं. शाळांची संमेलनं, कापसाच्या जिनिंगमधले कामगार, लोकांना हिंमत द्यायची म्हटलं की त्याला बोलावणं जायचं. "मानूस मनानं उठला का देव दोन पावलं पुढं येते," हे त्याचं ठरलेलं वाक्य. गळा सोन्याचा होता, हे मी नाकारत नाही. नाकारता आलं असतं तर बरं झालं असतं.

बाकी माणूस म्हणून तो मला कधीच आवडला नाही. त्याला बसायला वेताची खुर्ची लागायची आणि ती बसच्या टपावर चढवायची मी. कुठं कोंबडी शिजली की तंगडी त्याची. माझ्या ठेक्याला लोकांनी माना डोलावल्या, की गाणं थांबवून म्हणायचा, "ढोलकी जरा हळू बे. प्रभूले कमी ऐकू येत नाही." लोक हसायचे. मीही हसायचो, आणि त्याचाच मला जास्त राग यायचा.

हे सगळं मी सोसलं असतं. माझ्या थोरल्या भावाचं, यशवंतचं, त्यानं जे केलं ते नाही सोसलं.

यशवंत गवंडी. हात चांगला, पण हातभट्टीच्या नादानं वाया गेलेला. एकदा बुवाचं भजन चालू असताना तो तिथंच बाजारात पडलेला होता. उठला तो रडतच, आणि त्यानंतर त्यानं थेंब घेतला नाही. हे खरं आहे. आता आमच्या ख्रिस्ती लोकांत साक्ष द्यायची रीत आहे. देवानं आपल्याला कशातून काढलं, ते ज्याचं त्यानं चारचौघांत उभं राहून सांगायचं. यशवंतनं ती एकदा दिली. तो मुळात अबोल, त्यात अडखळणारा. बुवाला ते मिळमिळीत वाटलं असणार. पुढल्या बाजारापासून यशवंतनं नुसतं उभं राहायचं आणि त्याची साक्ष बुवानं द्यायची, असं होऊन बसलं.

"उभा राय, यशवंता! पाहा हो, हा मानूस नालीत पडेल होता. घरातलं पितळी भांडं यानं इकलं!"

पहिल्या वर्षी भांडं एकच होतं. दर वर्षी भांडी वाढत गेली. आमच्या घरात एवढी भांडी कधी नव्हतीच. यशवंत मान खाली घालून उभा असायचा.

मी ढोलकी धरल्याच्या आठव्या वर्षी यशवंतच्या मुलीला, मार्थाला, चिखलीहून स्थळ आलं. मुलगा शाळेत मास्तर. बोलणी होत आली होती. त्याच आठवड्यात साखरखेर्ड्याच्या बाजारात आमचा कार्यक्रम होता आणि मुलाचा मामा तिथलाच. मी बसमध्येच बुवाला हात जोडले.

"बुवा, आज यशवंताले उभं करू नका. पोरीचं जमून राह्यलं."

"हाव, समजलं," तो म्हणाला. "मले काय पोरी नाहीत?"

त्या दिवशी गर्दी जमेना. दोन भजनं झाली तशी लोक बैलबाजाराकडे सरकायला लागले. त्यानं चष्मा काढला. यशवंत उभा राहिला. नाली झाली, भांडी झाली. मग बुवा हात वर करून म्हणाला, "आन् आता देवाची करनी पाहा! याच बेवड्याच्या पोरीले चिखलीच्या मास्तराचं स्थळ आलं!"

लोकांनी टाळ्या वाजवल्या. मुलाचा मामा टाळकऱ्याच्या मागेच उभा होता. तो निघून गेला.

आठ दिवसांत निरोप आला, मुलाला एवढ्यात लग्न करायचं नाही.

मी तडक बुवाच्या घरी गेलो. तो मिठाच्या पाण्यानं गुळण्या करत होता. "काऊन केलं असं?" मी विचारलं. गुळणी टाकून तो म्हणाला, "लोक उठून जाऊन राह्यले होते बे. देवाचं काम हाय. पोरीले दुसरं स्थळ येईन." मी ढोलकी त्याच्या दारात ठेवली आणि परत आलो. पुढं मार्थाला बिजवराला द्यावं लागलं.

तरीही यशवंत त्याच्याबरोबर जातच राहिला, तसाच मान खाली घालून उभं राहायला. मला ते पाहवेना. "लाज हाय का तुले?" एवढं बोलून मी त्याच्याशी बोलणंच टाकलं.

बुवा थकला, गळा बसला, तरी बाजार चुकला नाही. एका हिवाळ्यात न्यूमोनियानं गेला. त्याच्या मातीला म्हणे सगळं गाव लोटलं होतं. मी गेलो नाही. दुकान उघडं ठेवलं आणि मशीन मुद्दाम जोरात चालवली.

मातीहून यशवंत सरळ माझ्या दुकानात आला. इतक्या वर्षांनी पहिल्यांदाच. बस म्हटलं तर बसेना.

"दर बाजारी लोकांपुढं उभं राहा लागे," तो म्हणाला. "म्हनून पेलो नाही. पेऊन कसा उभा राहू? आता बाजार आला का मी काय करू?"

मी मशीन थांबवली. तू तिथं काऊन जातोस, हे मी त्याला कधी नीट विचारलंच नव्हतं.

"मले सांग," मी म्हणालो.

तो कापडाच्या तागांपुढं उभा राहिला आणि स्वतःच्या तोंडानं सांगायला लागला. नाली सांगितली. भांडं एकच सांगितलं. मार्थाच्या स्थळाचं सांगताना त्याला रडू आवरेना. अर्धा तास लागला.

आता तो दर बाजारी येतो. गिऱ्हाईक असलं तर थांबतो, ते गेलं की उभा राहतो. मी ऐकतो. भाऊ अजून पीत नाही. त्या माणसाला मी अजून माफ केलेलं नाही.