बर्गनुमा मास्तर

"टोळी येणार असे कळताच बर्गनुमा मास्तर बायकालेकरांत मिसळून घळीत शिरले, आपल्यामागे निवडुंग रोवून वाट आतून बंद केली, आणि घळीच्या दुसऱ्या तोंडाने बार्शीच्या हद्दीत निघून गेले. पुढे लाजेने त्यांनी गावाला तोंड दाखविले नाही."

हा मजकूर आमच्या गावच्या शाळेच्या स्मरणिकेत छापून आला आहे. लिहिणारे गृहस्थ निजामी अमदानीतल्या आमच्या पाटलांचे पुतणे. ज्या दिवसाविषयी ते लिहितात, त्या दिवशी त्यांचा जन्मही झालेला नव्हता. मी मास्तरांच्याच शाळेत खालचे वर्ग शिकवीत होतो आणि त्या दिवशी त्या घळीत होतो. माझ्या वयाकडे बोट दाखवून 'आजोबांना आता आठवत नाही' म्हणणारे पुष्कळ आहेत. ठीक आहे. माझ्या आठवणीवर मी निकाल मागणार नाही. परंतु माणूस कोण होता हे तरी आधी सांगितले पाहिजे, कारण स्मरणिकेला तोही ठाऊक नाही.

मास्तर भित्रे होते. हे मी विरोधकांच्या आधीच सांगून टाकतो, आणि शाळेच्या ओट्यावरून 'निधड्या छातीचे' म्हणून त्यांच्यावर भाषण ठोकणाऱ्या पाहुण्यांनाही तेच ऐकवितो. त्यांच्याइतका घाबरणारा माणूस माझ्या पाहण्यात नाही. सायकलची घंटी वाजली तरी त्यांच्या हातातला खडू मोडे. पाटलांच्या बैलाला टाळण्यासाठी ते गावाबाहेरून वळसा घालून शाळेत येत. आणि तो बैल मारका नव्हता, म्हातारा होता. घाबरले की त्यांचा हात गळ्यातल्या लिंगाच्या चांदीच्या डबीकडे जाई, मराठी सुटे आणि उमरग्याकडची कानडी तोंडात येई: "बेड, बेड!" म्हणजे नको, नको. पोरे पाठीमागे नक्कल करीत, आणि ते मास्तरांना कळे.

"हसा," ते म्हणत. "भीती घामासारखी असती. येती. पुसायची आन् कामाला लागायचं."

त्यांचे टोपणनाव पुस्तकातून आले. तेव्हा शिक्षणाची भाषा उर्दू. वनस्पतींच्या धड्यात एक शास्त्रीय शब्द होता, 'बर्गनुमा'. बर्ग म्हणजे पान. बर्गनुमा म्हणजे पानासारखे दिसणारे, मग ते पान असो वा नसो. राज्य गेल्यावर मराठी पुस्तकांत हाच शब्द 'पर्णाभ' होऊन आला. अर्थ तोच, वापर तोच. 'निजामाच्या शब्दाला चिकटून बसलेले मास्तर' असा एक टोमणा स्मरणिकेत आहे. त्यावर इतकेच म्हणतो की पुस्तक निजामाचे होते. निवडुंग आमचा होता.

मास्तर एकटे राहत, एका विधवेच्या ओसरीवर. तिला सारे गाव गोदामावशी म्हणे. ती काळा मसाला भाजायला बसली की मास्तर तिच्या सुपातून दगडफुलाची चिमूट उचलीत.

"मावशी, हे काय?"

"दगडफूल. डोळे गेले का, मास्तर?"

"फूल न्हाय ते. पानबी न्हाय. बर्गनुमा म्हणा."

"म्या बर्गनुमा म्हणलं तर आमटीला वास ज्यादा येतोय व्हय?"

मास्तर हसत, पण चिमूट परत सुपात ठेवताना पुन्हा एकदा "बर्गनुमा" म्हणत. वस्तू दिसते कशी आणि आहे काय, या दोन गोष्टी एका शब्दात कोंबलेल्या त्यांना सोसत नसत. एरवी सगळ्यांपुढे मान खाली घालणारा हा माणूस येथे मात्र तसूभर हटत नसे.

धड्याच्या दिवशी ते फड्या निवडुंगाचा एक फडा वर्गात आणीत. त्याच्या बारीक कुसांची त्यांना इतकी धास्ती, की फडा त्यांनी कधी हाताने धरला नाही. मावशीची सांडशी त्यासाठी शाळेत येई, आणि त्या दिवशी मावशी चुलीवरचे भांडे पदराने उतरवी. सांडशीत धरलेला फडा उंच करून मास्तर सांगत, "लोक ह्याला पान समजत्यात. हे खोड हाय. पानाचं रूप घेतलंय, पानाचं काम करतंय, पर खोड." मग पोरे आपापली उदाहरणे पुढे करीत. बाळाच्या गळ्यातले सोन्याचे पिंपळपान?

"बर्गनुमा. पर नुसतं आकारानं."

"मास्तर, भाल्याचं पातं?"

हात डबीकडे जाई. "तेबी बर्गनुमा. दुसरं कायतरी इचारा."

शेवटी खिडकीत दोन गोष्टी ठेवल्या जात: बोराटीची ताजी तोडलेली फांदी, आणि तो फडा. दुसऱ्या दिवशी दुपारी बोराटीच्या पानांनी माना टाकलेल्या असत. फडा जसाच्या तसा, हिरवा, फुगीर. "पान तुटलं की तहानेनं मरतंय," मास्तर म्हणत. "खोड आपलं पाणी आपल्यापाशी राखतंय. मातीत खोचा, पुन्हा उभं ऱ्हातंय." दरवर्षी हाच प्रयोग, हीच वाक्ये. आम्ही इतर शिक्षक कंटाळलो होतो, हे नाकारीत नाही.

मग ते दिवस आले. पलीकडे बार्शीचा मुलुख स्वतंत्र झाला होता. अलीकडे आम्ही अजून निजामाचेच. हत्यारबंद टोळ्या गावोगाव फिरत होत्या. रामलिंगाच्या डोंगराकडे धूर दिसला की आमच्या बाया आपली चूल विझवीत. आपला धूर कोणाला दिसू नये म्हणून. माणसे भर दिवसा कुजबुजून बोलू लागली. रस्त्याला घोड्याच्या टापा वाजल्या की घराघरांतून आधी कड्या लागण्याचा आवाज येई आणि मग काहीच येत नसे. लहान मुलांना रडू न देण्याची विद्या बायांना साधली होती. मास्तरांची भीती आता सगळ्या गावाची झाली, आणि पोरांनी त्यांची नक्कल करणे सोडून दिले.

संक्रांत नुकतीच झाली होती. सकाळी येडशीच्या वाटेने एक गुराखी पळत आला. "पेटवलं... शेजारचं गाव पेटवलं... हिकडंच यायलेत!" तरणे पुरुष रानोमाळ पांगले. बायका, लेकरे, म्हातारी माणसे घळीकडे निघाली, आणि मी आईला पाठुंगळी घेऊन त्यांच्यात निघालो. तिचे पाय गेलेले होते.

ही घळ गावाच्या पश्चिमेला आहे. तिच्या काठाने फड्या निवडुंगाची माणसाहून उंच कुपाटी, आणि त्या कुपाटीत एक माणूस कसाबसा जाईल एवढी एकच फट. फटीतून एकेक बाई घसरत खाली गेली. वरून लेकरे द्यायची, खालून झेलायची, असे चालले होते. घळीला दुसरे तोंड आहे, परंतु ती चढण लेकुरवाळीला घाईत जमणारी नव्हे. तेव्हा मागची फट झाकणे हाच उपाय होता.

पाटील म्हणाले, "बोराटी तोडा, फटीत दाबा, आन् चला."

मास्तर पुढे झाले. त्यांचा आवाज इतका कापत होता, की पहिले शब्द कोणाला कळलेच नाहीत. "बोराटी नको, पाटील. ते गावात मुक्कामाला ऱ्हायले तर? उद्या दुपारी पानं माना टाकतील. एवढ्या हिरव्या कुपाटीत सुकलेली बोराटी... हितनंच वाट हाय, असं बोट दाखवल्यासारखं व्हईल. निवडुंगच रोवला पायजे."

"मास्तर, ही साळा न्हाय!" पाटील ओरडले. "तुमचं बर्गनुमा ऱ्हाऊ द्या. जीव वाचवा."

आणि पाटील खाली उतरले. त्यात गैर काही नव्हते. त्यांचे कुटुंब मोठे होते. मी धोतराच्या झोळीत आईला खाली सोडले आणि तिच्यामागे घसरलो. वर पाहिले तेव्हा फटीत मास्तरांचे दोन हात दिसले. सांडशी नव्हती. शेजारच्या कुपाटीतून तोडलेले, फड्याला फडा जोडलेले जाड तुकडे ते उघड्या हातांनी उभे करीत होते, खुरप्याने माती ओढीत होते, मुठीने दाबीत होते. मातीचे कण माझ्या तोंडावर पडत होते. हात कुसांनी भरून गेले होते. लांबून पाहणाऱ्याला वाटले असते, त्यांवर लव आली आहे.

"मास्तर, या की खाली!" मी दबक्या आवाजात म्हणालो.

"बेड, बेड," वरून उत्तर आले. मग मराठीत, मला, "अप्पा, सगळ्यांचा खोकला सांभाळा." एक फडा त्या हातांपुढे सरकला आणि हात दिसेनासे झाले. त्यावर पाचोळा टाकल्याची खसखस थोडा वेळ ऐकू आली.

मास्तर म्हणाले होते तसेच झाले. टोळी आली आणि गावात मुक्कामाला राहिली. दुसऱ्या दिवशी, ऊन चढल्यावर, आमच्या डोक्यावर पावले वाजली. त्या क्षणाविषयी मला फार लिहिता येत नाही. आईची नखे माझ्या खांद्यात रुतली होती. एका बाईने लेकराचे तोंड छातीशी इतके दाबून धरले होते, की लेकरू गुदमरेल असे वाटून दुसरी तिचा हात सैल करीत होती आणि ती पुन्हा घट्ट करीत होती. पाटलांनी स्वतःचे उपरणे स्वतःच्या तोंडात कोंबले होते.

"इधर से उतरने कू रस्ता होंगा," वरून एकजण म्हणाला.

"कां का रस्ता? देख ना, पूरी हरी है. पुरानी नागफनी है."

"काट को देखूं क्या?"

कोणीतरी काठीने फड्यावर मारले. ओला, भरीव आवाज झाला.

"तेरेकू काँटे लगा लेने का शौक है तो काट. मैं चला."

पावले दूर गेली.

टोळी गाव सोडून गेल्यावर आम्ही दुसऱ्या तोंडाने, एकमेकांना ओढीत, सावकाश वर चढलो. आमच्यातले सगळे जिवंत बाहेर आले. मास्तर गावात नव्हते. गोदामावशीच्या ओसरीवर त्यांची वळकटी होती, वहाणा होत्या, आणि चुलीपाशी सांडशी तिच्या जागी होती. त्यांना कोणी नेताना पाहिले नाही. कोणाला प्रेत सापडले नाही. राज्य बदलल्यावर उमरग्याकडून त्यांचे थोरले भाऊ चौकशीला आले, ओसरीवर बसले, आणि वळकटी घेऊन परत गेले. बार्शीत मी स्वतः जाऊन विचारपूस केली. तेथे त्यांना ओळखणारा कोणी भेटला नाही. गोदामावशीने पुढे मरेपर्यंत दगडफुलाला दगडफूल म्हटले नाही. सुना हसत, ती त्यांच्याकडे बघून पुन्हा "बर्गनुमा" म्हणे, आणि मसाला कुटायला घेई.

आता निकालाचे. मी वर जे पाहिले म्हणून लिहिले, ते सारे म्हातारपणाची कल्पना समजा. मातीचे कण खोटे, हात खोटे, ते कानडी शब्दही खोटे. मास्तर भित्रे होते, हे मी आधीच कबूल केले आहे. तेही धरून चाला. निवडुंग मास्तरांनीच रोवला, हे स्मरणिकेलाही मान्य आहे. प्रश्न एवढाच, की आतून की बाहेरून. त्या निवडुंगाने मूळ धरले आणि ती कुपाटी आजही उभी आहे, स्मरणिकेच्या लेखकांच्या स्वतःच्या शेताच्या बांधाला लागून. त्यांनी एकदा तेथवर चालत जावे. कुपाटीची सगळी मुळे गावाकडच्या मातीत आहेत. घळीकडच्या अंगाला कुपाटी संपते तेथेच कातळ तुटतो, पुरुषभर खोल आणि सरळ; त्यावर मूठभर माती नाही, आणि आतून उभे राहायला पाऊलभर जागा नाही.