पिस्ता रंगाची भिंत

आमच्या दाजींनी, म्हणजे अक्काच्या यजमानांनी, आयुष्यात एकही खोली आहे तशी सहन केलेली नाही. कलादिग्दर्शनात उमेदवारी केलेला हा माणूस घरी आला, की चहा होईपर्यंत आमचं कपाट समोरच्या भिंतीला गेलेलं असे. पुढे ते कॅमेऱ्यामागे गेले आणि मग माणसांचीही सुटका उरली नाही. माझ्या साखरपुड्यात त्यांनी भरली पंगत उठवली आणि उन्हाकडे तोंड करून बसवली. सोलापूरचं ऊन ते. सासूबाई घामाघूम झाल्या. फोटो मात्र असे उतरले, की आजही त्या कौतुक करतात ते दाजींचंच, मी समोर असलो तरी.

मुंबईत त्यांनी दुसऱ्यांच्या सिनेमांना घरं दिली, उजेड दिला. "पन माजा सिनेमा मी करनारच," हे प्रत्येक सुट्टीतलं वाक्य. इथं घर आणि पोरं सांभाळणारी अक्का ते मुकाट ऐकून घेई.

यंदा एकदाचा निर्माता मिळाला आणि ऐन चित्रीकरणाच्या तोंडावर पळाला. दाजी हटले नाहीत. गोष्ट यंत्रमागावरच्या कामगाराच्या बायकोची होती. म्हणाले, "आपल्या घरातच करतो की!" अडचण एकच. घर कळकट हवं होतं, आणि अक्कानं कितीतरी वर्षं मागे लागून नुकताच दिवाळीला पिस्ता रंग लावून घेतला होता. अख्ख्या सेटवर ओरडणारे दाजी तिला विचारायला धजेनात. नवी भिंत जुनी दिसावी म्हणून फासतात ते चहाचं पाणी त्यांनी बादलीभर उकळलं आणि सकाळभर अंगणात बसून राहिले. मला म्हणाले, "तू इचार की." मी कशाला विचारतोय? अक्काला मी लहानपणापासून ओळखतो.

शेवटी तीच बाहेर आली. "काय झालंय?"

दाजी बादलीकडे बघत म्हणाले, "सिनेमा हाय. भिंत आडवी येतीया."

अक्कानं पदर खोचला, फडकं बादलीत बुडवलं आणि त्या देखण्या भिंतीवर पहिला डाग स्वतः मारला. "आता बघत काय बसलाय? कुटं कुटं मारायचं ते सांगा."

सिनेमा पुरा झाला. दाजी संकलनासाठी पुण्याला गेलेत आणि घर फार सुनं वाटतं. परवा मी अक्काला म्हटलं, रंगाऱ्याला बोलावतो. तिनं मान हलवली.

"ऱ्हाऊ दे. इतकी वर्षं त्यांचं काम टीव्हीवरच बघत आलीय. हे पयलंच आपल्या घरात हाय."